वसुबारस आणि मांजरांची गुहा

सोमवारी वसुबारस होती आणि मी आयर्लंडमधल्या एका शेताच्या कडेला, बिळासारख्या भोकातून बसूनबसून खाली घसरत होते. डोक्यावर हेल्मेट, ढोपरापर्यंत चिखल, नाकासमोर एका आजोबांचे बूट, आणि मागून कुणीतरी सारखं 'सॉरी, सॉरी'. नवरा गाडीत. "मी फोन सांभाळतो" म्हणाला.

या भोकाचं नाव ओवेनागॅट, म्हणजे मांजरांची गुहा. अ‍ॅथलोनहून तासाभराच्या आत रॉसकॉमन परगण्यात टल्स्क नावाचं गाव लागतं, त्याच्या जवळ रॅथक्रोहन. कॉनॉक्ट प्रांताच्या राजांचं हे जुनं ठाणं. टेकाडं, गढ्या, थडगी असे दोनशे चाळीसच्या वर अवशेष इथल्या शेतांतून पसरलेत. दिसायला काही नाही, गवतच. आपल्याकडे एवढ्या ऐवजावर कमान, पार्किंग आणि मक्याचं कणीस आलं असतं. इथे गाई चरतात. त्यांना बघून मी मनातल्या मनात हळदकुंकू वाहिलं आणि मग आठवलं की सकाळीच दुधाचा चहा ढोसून झालाय.

गुहेच्या तोंडाशी माणसांनी रचलेला बोगदा आहे. त्याच्या छतातल्या एका दगडी तुळईवर ओघम या जुन्या आयरिश लिपीतल्या रेघा आहेत, अर्थ साधारण 'मेव्हच्या मुलाचा, फ्रेखचा'. मेव्ह ही इथली दंतकथेतली जबरदस्त राणी. दगड आधी दुसरीकडे उभा असणार, नंतर तुळई म्हणून वापरला. जुन्या देवळाचा दगड विहिरीच्या पायरीला लागलेला पाहिलाय ना, तसंच. पुढे नैसर्गिक चुनखडीची अरुंद फट, सदतीसेक मीटर. मध्ययुगातल्या ख्रिस्ती लेखकांनी हिला आयर्लंडमधलं नरकाचं दार म्हटलं. आणि साउइन या इथल्या जुन्या सणाच्या रात्री, म्हणजे ३१ ऑक्टोबरला, इथून काय काय बाहेर पडायचं म्हणतात. २०२४ साली त्याच दिवशी आपली नरकचतुर्दशी! मी हे गाइडला सांगितलं. तो "ओह, लव्हली" म्हणाला.

तळाशी पोचल्यावर त्याने सगळ्यांना दिवे बंद करायला सांगितले. हात डोळ्यांसमोर धरला तरी दिसेना. छतातून पाणी ठिबकत होतं, तेवढाच काय तो आवाज. आणि त्या अंधारात त्याने नेराची गोष्ट सांगितली.

साउइनच्या रात्री राजवाड्यात चुलीवर हंडा चढलेला. राजा म्हणतो, बाहेर फाशी दिलेल्या कैद्याच्या पायाला जो वेलाचा फास बांधून येईल, त्याला सोन्याच्या मुठीची तलवार. नेरा जातो. प्रेत म्हणतं, तहान लागलीय, मला पाठीवर घे. (विक्रम आणि वेताळ! मी अंधारात जवळजवळ ओरडले.) त्याला पाणी पाजून, परत पोचवून नेरा येतो तो वाडा जळालेला, मुंडक्यांचा ढीग. मारणाऱ्यांच्या मागोमाग तो या गुहेत शिरतो. आत दुसरंच राज्य. तिथे त्याला घर मिळतं, बायको मिळते, रोज लाकडाची मोळी वाहायचं काम मिळतं. मग एके दिवशी बायको सांगते, तू पाहिलंस ते अजून घडलेलं नाही, पुढच्या साउइनला घडेल. जा, तुझ्या माणसांना सावध कर. ती अजून त्याच हंड्याभोवती बसलीत, हंडा चुलीवरून उतरलेला नाही.

आपला ककुद्मी राजा लेकीला, रेवतीला घेऊन ब्रह्मलोकी गेला आणि गाणं संपेपर्यंत सत्तावीस चतुर्युगं उलटली. इथे उलट! आत संसार थाटून झाला आणि बाहेर जेवणसुद्धा शिजलं नाही. कुणी विश्वास ठेवावा म्हणून नेरा येताना उन्हाळ्यातली फुलं घेऊन आला, ऐन थंडीच्या तोंडावर.

मला राग आला तो इथे. गोष्टीचा नव्हे, माझाच. आमचे काका संगमेश्वरच्या बाजारातून येताना पाणंदीत रात्रभर फिरत राहिले आणि तांबडं फुटल्यावर बघतात तर त्याच विहिरीपाशी. चकवा. मी कॉलेजात होते, "काका, किती घेतली होती?" असं चारचौघांत विचारलं. ते काही बोलले नाहीत, पानाला चुना लावत बसले. इथेही चकवा आहे बरं का. 'स्ट्रे सॉड' म्हणतात, त्या ढेकळावर पाय पडला की माणूस ओळखीच्या शेतात भरकटतो. उपाय म्हणजे कोट उलटा घालायचा. हे मी युरो मोजून, मान डोलावत ऐकलं. १९९९ मध्ये क्लेअर परगण्यात 'लाटून' नावाच्या ठिकाणी नवीन रस्त्याच्या वाटेत पऱ्यांचं झुडूप आलं, एडी लेनिहान या कथाकाराने आवाज उठवला आणि झुडूप राखून रस्ता केला. त्याला वारसा म्हणायचं. आमच्या देवराईला मात्र मीच अंधश्रद्धा म्हणत होते. अर्थात आमच्याकडे चकव्याच्या नावावर भगतगिरीही चालते, म्हणून मी तेव्हा बोलले त्यात अगदीच चूक नव्हतं. थोडी होती.

आत दहा मिनिटं झाली असतील म्हणून वर आले, तर पाऊण तास. आणि आईचे सहा मिस्ड कॉल. रविवारी इथली घड्याळं तासभर मागे गेली, साडेचाराचा फरक साडेपाच झाला. तिच्या हिशेबाने मी कधीच मोकळी व्हायला हवी होते. नवऱ्याने फोन सांभाळला होता, उचलला नव्हता.

"गाईची पूजा आटोपली, चकल्या घातल्यात. तू होतीस कुठे?"

दिवाळीला का आले नाही हा विषय निघू नये म्हणून मी तिला नेराची गोष्टच सांगायला घेतली. (रजा नव्हती. तिकिटांचं तर बोलायलाच नको. आठ वर्षांत तीन दिवाळ्या केल्यात मी तिकडे, काही जण एकही करत नाहीत.) शेवटही सांगितला: सगळ्यांना वाचवून नेरा पुन्हा आत गेला, बायकोमुलापाशी राहिला, आणि प्रलयापर्यंत बाहेर येणार नाही.

"आणि त्याची आई?"

मी ऐकली त्या गोष्टीत तिचा उल्लेखच नाही. हे सांगेपर्यंत तिकडे "अगं बाई, करपल्या!" झालं आणि फोन कट्ट्यावर आपटल्याचा आवाज आला.