झासची पार्श्वभूमी अखेर उमटली: डीएमजी कॅप्चर बोर्डचा पुढचा टप्पा

‘चिक्यू काइहोगुन झास’ या गेम बॉयवरच्या विमानांच्या गेमची पारदर्शक पार्श्वभूमी काल रात्री स्क्रीनशॉटमध्ये पहिल्यांदा पूर्ण आली. अर्धी गायब नाही, विमानाच्या मागे दुसरं विमान नाही, खालची स्कोअरची पट्टीही स्वच्छ. गेम बॉय आणि लॅपटॉप शेजारी ठेवून मी बराच वेळ नुसती बघत बसले. माझा हा बोर्ड मूळ गेम बॉयच्या, म्हणजे डीएमजीच्या, स्क्रीनकडे जाणारा सिग्नल तारांवरूनच पकडतो आणि त्यातून स्क्रीनशॉट काढतो. ज्यांनी मागच्या नोंदीखाली ‘एका फ्रेमचा स्क्रीनशॉट हवाय कशाला, एम्युलेटर वापर’ असं लिहिलं होतं, त्यांनी ही नोंद जरूर वाचा.

हार्डवेअरचं आधी उरकते, कारण तिथे आता कुरकुर उरलेली नाही. सिग्नल ५ व्होल्टवरून ३.३ वर आणणारी टीएक्सएस०१०८ई चिप काढून ७४एलव्हीसी२४५ बसवल्यापासून चित्राची एकही ओळ सरकलेली नाही. ३.३ व्होल्टवर चालवली तरी या चिपचे इनपुट ५ व्होल्ट बिनतक्रार घेतात, दिशा एकच, आणि तिला स्वतःची अक्कल चालवायची नसते. दिशा आपोआप ओळखणारे लेव्हल शिफ्टर आयस्क्वेअरसीसारख्या संथ जोडणीला ठीक, पण चार मेगाहर्ट्झच्या पिक्सेल क्लॉकला नकोतच, हे माझं मत आता पक्कं झालंय. गेम बॉयच्या दोन अर्ध्या भागांना जोडणाऱ्या २१ तारांच्या रिबनवरून मी पाचच सिग्नल घेते: व्हीसिंक (नवी फ्रेम), एचसिंक (नवी ओळ), क्लॉक (नवा पिक्सेल) आणि डेटाच्या दोन तारा. नव्याने करणाऱ्यांना पुन्हा सांगते, त्याच रिबनवरून स्क्रीनसाठी उणे १९ व्होल्टही जातात. मल्टीमीटरने ती तार शोधा, तिच्यावर कॅप्टॉन (उष्णता सोसणारी, वीजरोधक) टेप लावा आणि मगच सोल्डरिंग गन हातात घ्या.

हे सिग्नल वाचणाऱ्या रास्पबेरी पाय पिको बोर्डचं काम तसं हलकं आहे. १२५ मेगाहर्ट्झवर एका पिक्सेलमागे जवळपास तीस सायकल मिळतात, पीआयओला (पिना वाचणाऱ्या त्याच्या वेगळ्या छोट्या यंत्रणेला) त्या भरपूर होतात. एका पिक्सेलचे दोन बिट, म्हणजे ३२ बिटांच्या एका शब्दात १६ पिक्सेल. एका ओळीचे १० शब्द, अख्ख्या १६० बाय १४४ फ्रेमचे १४४०, म्हणजे ५७६० बाइट. डीएमए (प्रोसेसरला न गुंतवता डेटा हलवणारा भाग) ते उचलून मेमरीत ठेवतो, प्रोसेसर मोकळाच.

आणि मोकळा आहे म्हणूनच रिंग बफर (भरला की सर्वात जुन्या फ्रेमच्या जागी नवी लिहिणारा साठा) सुचला. पिकोच्या आरपी२०४० चिपमध्ये २६४ केबी रॅम आहे. त्यात ३२ फ्रेम आरामात मावतात. सेकंदाला ५९.७३ फ्रेम धरल्या तर हा अर्ध्या सेकंदाहून थोडा जास्त इतिहास सतत हाताशी राहतो. आपण एखादा क्षण बघतो, ‘हा हवा’ म्हणतो आणि बटण दाबतो, तोवर साधारण एक पंचमांश सेकंद निघून गेलेला असतो. म्हणून बटण दाबल्यावर बोर्ड १२ फ्रेम मागे जाऊन तिथली फ्रेम उचलतो. स्फोट पूर्ण फुललेला असताना धरता येतो, उडीचा अगदी वरचा बिंदू धरता येतो. जिने कोणी शूटिंग गेमचे स्क्रीनशॉट काढायचा प्रयत्न केलाय, तिला याचं मोल कळेल.

आता खरं दुखणं. फ्रेम बिनचूक मिळायला लागल्या आणि स्क्रीनशॉट मात्र चुकीचे दिसायला लागले.

डीएमजीचा स्क्रीन संथ आहे. आधीची प्रतिमा पूर्ण पुसली जायच्या आत पुढची येते. त्या काळच्या प्रोग्रॅमरांनी हा संथपणा हिशेबात धरून गेम लिहिले. चार छटांच्या पलीकडची पाचवी छटा हवी असेल तर एका फ्रेममध्ये वस्तू दाखवायची, पुढच्या फ्रेममध्ये लपवायची; स्क्रीनवर ती अर्धपारदर्शक दिसते. एका ओळीत १० पेक्षा जास्त स्प्राइट (हलत्या वस्तूंची छोटी चित्रं) हार्डवेअर काढूच शकत नाही, म्हणून जास्त शत्रू असले की आलटूनपालटून दाखवायचे. झासचा तर सगळा डोलाराच या लुकलुकीवर उभा आहे. अशा गेमची एकच फ्रेम पकडली की चित्राचा अर्धा भाग नसतोच. सिग्नलच्या दृष्टीने ती फ्रेम शंभर टक्के खरी, पण खेळणाऱ्याच्या डोळ्यांनी ती कधीच पाहिलेली नसते.

पहिला उपाय सगळ्यांना सुचतो तोच, शेजारच्या दोन फ्रेमची सरासरी. चार छटांच्या सात होतात, पारदर्शकपणा छान येतो. पण जे जे हलतं त्याला जुळं भावंड होतं. गोळ्या दुहेरी, विमानाच्या कडा दुहेरी.

दुसरा उपाय एलसीडीची नक्कल. प्रत्येक नवी फ्रेम आधीच्या साठ्यात ठराविक प्रमाणात मिसळत जायची. कागदावर हे फार देखणं वाटतं. पण निम्मं-निम्मं मिसळलं तर एकाआड एक फ्रेममध्ये येणारी वस्तू एकदा दोन तृतीयांश गडद आणि एकदा एक तृतीयांश गडद मिळते, म्हणजे स्क्रीनशॉट सम फ्रेमवर पडला की विषम, यावर सावलीचा रंग ठरणार. प्रमाण एक चतुर्थांशावर आणलं तर हा फरक ५७ आणि ४३ टक्क्यांपर्यंत कमी होतो, पण मग शेपूट लांबते. आठ फ्रेम जुनी प्रतिमाही दहा टक्के शिल्लक राहते आणि बाजूला सरकणाऱ्या गेममध्ये सगळं चित्र चिखल होतं.

तिसरा उपाय एमजीबीए या एम्युलेटरच्या (गेम बॉयची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅमच्या) लिब्रेट्रोवरच्या आवृत्तीवरून घेतला. तिथे फ्रेम मिसळण्याचा ‘स्मार्ट’ नावाचा पर्याय आहे, तो फक्त लुकलुकणारे पिक्सेल शोधून तेवढेच मिसळतो. मी त्याचं माझं रूप केलं: प्रत्येक पिक्सेलच्या शेवटच्या चार फ्रेम बघायच्या. क-ख-क-ख असा क्रम दिसला तर सरासरी, नाहीतर ताजा पिक्सेल जसाच्या तसा. विमान सरळ पुढे जातं, त्याच्या पिक्सेलमध्ये क-ख-क-ख कधी येत नाही, म्हणून ते धारदार राहतं. मार लागलेलं पात्र काही फ्रेम दिसतं, काही फ्रेम नाहीसं होतं, तेही धारदार राहतं, कारण प्रत्यक्ष स्क्रीनवरही ते मिचमिचतानाच दिसतं. इथपर्यंत मी खूश होते.

मग डिदर, म्हणजे दोन छटांचे ठिपके आलटूनपालटून मांडून केलेली मधली छटा, आडवं आलं. एक काळा, एक पांढरा अशा ठिपक्यांचं आकाश फ्रेममागे एक पिक्सेल सरकायला लागलं की प्रत्येक पिक्सेल काळा-पांढरा-काळा-पांढरा असा बदलतो. लुकलुकीत आणि यात काही फरक नाही! गेम थांबलेला असताना आकाश ठिपक्यांचं, सरकायला लागलं की सपाट करडं. माझी पहिली प्रतिक्रिया होती की हे चूक आहे, सरकणं वेगळं ओळखायलाच हवं. म्हणून जीबीडीके-२०२० या गेम बॉयचे प्रोग्रॅम लिहायच्या साधनात एक छोटा टेस्ट रॉम लिहिला: वर सरकणारं डिदर, मध्ये एक जाड खांब, खाली विंडो लेयरवर (पार्श्वभूमीबरोबर न सरकणाऱ्या थरावर) स्थिर पट्टी आणि एका ओळीत बारा स्प्राइट. मग प्रत्येक ओळ आधीच्या फ्रेममधल्या ओळीशी एक, दोन, तीन पिक्सेल सरकवून ताडून बघायची. खांब असलेल्या ओळींत हे चाललं. निव्वळ डिदरच्या ओळींत चालेना, आणि चालणारच नाही: जागच्या जागी उलटणारं डिदर आणि एक पिक्सेल सरकणारं डिदर यांचा तारेवरचा सिग्नल अक्षरशः एकच आहे. जगातला कोणताही अल्गोरिदम त्यांना वेगळं करू शकत नाही.

हे कळल्यावर मी कोड बाजूला ठेवला आणि तोच रॉम खऱ्या डीएमजीवर लावून फोनने २४० फ्रेमच्या स्लो मोशनमध्ये चित्रित केला. गेम बॉयच्या एका फ्रेममागे फोनची साधारण चार चित्रं मिळतात. सरकताना डिदर एकदाही ठिपक्यांचं दिसलं नाही. सतत करडं! वेग दोन पिक्सेल केला की ठिपके पुन्हा लख्ख, कारण दोन पिक्सेल सरकलेलं डिदर स्वतःवरच येऊन बसतं. माझा क-ख-क-ख नियमही नेमकं हेच करत होता. म्हणजे तारेवर जे एक आहे ते स्क्रीनवरही एकच आहे आणि डोळ्यालाही एकच. सरकणं ओळखणारा सगळा कोड काढून टाकला. प्रोग्रॅम निम्मा झाला आणि चित्र खरं झालं, याहून चांगली संध्याकाळ या प्रोजेक्टमध्ये आलेली नाही.

एक खोड मात्र उरली होती. सरकणाऱ्या डिदरची पुढची कड. तिथे डिदर नुकतंच पोचलेलं असतं, पिक्सेलच्या मागे चार फ्रेमचा इतिहासच नसतो, म्हणून कडेला तीन पिक्सेल रुंद ठिपक्यांची झालर दिसायची, बाकी सगळं करडं. मोठं करून बघितलं की ती झालर डोळ्यात खुपायची. तीन फ्रेमवर नियम सैल करून बघितला, तर हलणाऱ्या पातळ रेषा करड्या व्हायला लागल्या.

उत्तर रिंग बफरमध्येच होतं. आपण १२ फ्रेम मागची फ्रेम उचलतोय, म्हणजे तिच्या पुढच्या फ्रेमही आपल्याकडे आहेतच! मागचाच इतिहास का बघायचा? आता निवडलेली फ्रेम जिच्यात येते अशा चार-चार फ्रेमच्या चारही खिडक्या तपासते. तीन मागच्या, तीन पुढच्या आणि ती स्वतः. कोणत्याही एका खिडकीत क-ख-क-ख सापडलं की मिसळायचं. पुढच्या कडेला पुढच्या फ्रेम साक्ष देतात, मागच्या कडेला मागच्या. झालर गेली. त्याच रात्री झास लावला आणि सुरुवातीला सांगितलेला स्क्रीनशॉट मिळाला.

कोणी विचारेल, स्क्रीनवर दिसतं तेच हवं असेल तर स्क्रीनचा फोटोच काढ की. नाही. माझ्या स्क्रीनच्या दोन उभ्या रेषा मेलेल्या आहेत, खालच्या रिबनचा जोड अजून गरम करून बघितलेला नाही, वर काचेवर ओरखडे आहेत. त्यातलं काहीही गेम लिहिणाऱ्याला अपेक्षित नव्हतं. संथ एलसीडी मात्र अपेक्षित होता, त्यावर विसंबूनच त्याने चित्र रचलं. म्हणून संथपणा ठेवायचा, ओरखडे टाकायचे. रंगाचंही तसंच. हिरवट छटा मी फाइलमध्ये घालत नाही, सात करड्या छटांची पीएनजी ठेवते. हिरवा ज्याला हवा त्याने पॅलेट बदलावी. मोठं करताना पूर्ण पटीतच करा, सहापट म्हणजे ९६० बाय ८६४. आणि मित्रांना पाठवताना फोटो म्हणून नको, डॉक्युमेंट म्हणून पाठवा. जेपेगच्या दाबाखाली डिदरची वाट लागते.

साठवणीचा बेत हे लिहिता लिहिता बदलतोय. आतापर्यंत पिकोच मिसळून एक तयार चित्र फ्लॅशमध्ये ठेवत होता. पण नियम उद्या सुधारला तर जुने स्क्रीनशॉट तसेच राहणार. फोटोवाल्याने निगेटिव्ह जपाव्यात तशा मूळ फ्रेमच जपायला हव्यात. लागतात सात, आठ ठेवू: ४६,०८० बाइट, फ्लॅशचे ४ केबीचे १२ सेक्टर. २ एमबीच्या साध्या पिकोत प्रोग्रॅमला अर्धा एमबी सोडला तरी बरोबर ३२ स्क्रीनशॉट मावतात. एक पथ्य पाळायचं: फ्लॅश पुसली जात असताना प्रोसेसर थबकतो पण डीएमए थांबत नाही, तो रिंग बफरवर नव्या फ्रेम लिहितच राहतो. म्हणून आधी डीएमए बंद, मग लिहिणं. तेवढ्या वेळात दुसरा स्क्रीनशॉट घेता येणार नाही, हे मला चालेल. मिसळण्याचं काम आता लॅपटॉपवर पायथनमध्ये.

आणि आत्ता दुसरं सुचतंय: ३२ च्या ३२ फ्रेम ठेवल्या तर १,८४,३२० बाइट होतात, म्हणजे नेमके ४५ सेक्टर, एक बाइटही वाया नाही! त्यातून नंतर सावकाश हवा तो क्षण निवडता येईल, छोटं जिफही होईल. साध्या पिकोत असे आठच मावतील, पण १६ एमबी फ्लॅशचे आरपी२०४० बोर्ड मिळतात, त्यावर ऐंशीहून अधिक. तसा एक बोर्ड मागवते. तो येईपर्यंत आठ फ्रेमवालाच प्रोग्रॅम पक्का करते.

सामानाचं विचारणाऱ्यांसाठी: पुण्यात तपकीर गल्लीत ३० गेजची वायर, फ्लक्स, टॅक्ट स्विच सगळं मिळतं. एसएमडी (बोर्डच्या पृष्ठभागावर बसणाऱ्या) चिपसाठी मुंबईला लॅमिंग्टन रोडला चक्कर मारायची तयारी ठेवा, आणि जाताना डेटाशीट फोनवर घेऊन जा, पॅकेज दाखवून घेतलेलं बरं. चिप डीआयपी (भोकांत बसणाऱ्या लांब पायांची) मिळते का बघत बसू नका, एसएमडीतली एसओआयसी हाताने व्यवस्थित सोल्डर होते. आठ चॅनेलचा स्वस्त लॉजिक ॲनालायझर आणि पल्सव्ह्यू हा प्रोग्रॅम एवढ्यावर सिग्नलची वेळ कळते. तारेवरचं थरथरणं मात्र त्यात दिसत नाही, त्यासाठी कोणाचा तरी ऑसिलोस्कोप मागून आणा.

बारा स्प्राइटच्या ओळीत क-ख-क-ख बरोबर पकडला जातो. वीसपेक्षा जास्त झाले की तीन फ्रेमचं चक्र सुरू होतं, तिथे माझा नियम अजून आंधळा आहे. त्याला सहा फ्रेमची खिडकी लागेल, म्हणजे मागे पाच, पुढे पाच, म्हणजे आठ फ्रेम पुरणारच नाहीत. बोर्ड मागवायला हे आणखी एक कारण. बटण अजून वायरीवर लोंबतंय. कवचाला भोक पाडायचं नाही, म्हणून ते मागच्या बाजूला डाव्या तर्जनीखाली कसं बसवायचं याचा विचार चालू आहे.

कोणाकडे चालू स्थितीतला गेम बॉय पॉकेट असेल तर मदत हवीय. १९९६ च्या पॉकेटचा स्क्रीन डीएमजीपेक्षा चपळ आहे, तिथे एक पिक्सेलने सरकणारं डिदर कितपत करडं होतं हे बघायचंय. टेस्ट रॉम पाठवते, फ्लॅश कार्टवर (स्वतःचा रॉम भरता येणाऱ्या कार्ट्रिजवर) टाकून २४० फ्रेममध्ये दहा सेकंदांचा व्हिडिओ काढा. कॉन्ट्रास्टचं चाक मधोमध ठेवा आणि ट्यूबलाइटखाली नको, दिवसाच्या उजेडात खिडकीपाशी काढा.