नासाऊतला गुलाबी चौक आणि बायकांचं मत

बहामासला सगळे समुद्रासाठी जातात, आम्हीही त्यासाठीच गेलो, समुद्र अप्रतिमच आहे, फोटो टाकीन कधीतरी. क्रूझ लागली की बे स्ट्रीटवर पाय ठेवायला जागा नसते आणि महागाई तर विचारू नका. पण मला लिहायचंय राजधानी नासाऊतल्या पार्लमेंट स्क्वेअरबद्दल.

गुलाबी इमारती, मधोमध सिंहासनावर बसलेली व्हिक्टोरिया राणी, हा पुतळा 1905 पासून तिथेच आहे. गाइडने चाच्यांच्या गोष्टी रंगवून सांगितल्या, सगळ्यांनी राणीबरोबर फोटो काढले, झालं. इथल्या बायकांच्या मताच्या हक्कासाठी लढलेल्या डोरिस जॉन्सनचं नाव एकदाही निघालं नाही! मी वाचून गेले होते म्हणून जास्तच चिडचिड झाली.

1958 मध्ये इथे मोठा सार्वत्रिक संप झाला, त्यानंतर इंग्रज सरकारला सुधारणा कराव्या लागल्या आणि 21 वर्षांवरच्या सगळ्या पुरुषांना मत मिळालं. बायकांना नाही. मेरी इंग्रॅहम, जॉर्जियाना सिमोनेट, युजेनिया लॉकहार्ट, या बायका कित्येक वर्षं सह्या गोळा करत दारोदार फिरत होत्या. जानेवारी 1959 मध्ये डोरिस जॉन्सन बाजू मांडायला आल्या तर सभागृहात बोलायची परवानगीच नाही, शेवटी सभासदांनी मॅजिस्ट्रेट कोर्टात बसून त्यांचं भाषण ऐकलं. आणि इथे चौकात सिंहासनावर कोण, तर एक बाईच! 1961 मध्ये कायदा झाला, 26 नोव्हेंबर 1962 ला बायकांनी पहिल्यांदा मत दिलं. आपल्या आज्या 1951-52 च्या पहिल्याच निवडणुकीत रांगेत होत्या, त्याचं मोल मला त्या चौकात उभं राहून कळलं.

स्ट्रॉ मार्केटमध्ये एका आजींकडून टोपली घेतली. पामच्या पातीची वेणी घालता घालता, हातांकडे न बघता, त्या बोलत होत्या. त्यांची आई त्या पहिल्या मतदानाच्या दिवशी चर्चची हॅट घालून, पहाटेच मत द्यायला गेली होती म्हणे. पुढे 1973 मध्ये जॉन्सन सिनेटच्या, म्हणजे संसदेच्या वरच्या सभागृहाच्या, अध्यक्ष झाल्या, सिनेटची इमारत त्या राणीच्या अगदी पाठीशी आहे.

मग आजींनी लेकीचं सांगितलं. नवरा परदेशी, बाळ परदेशात जन्मलं, तर त्याला आपोआप नागरिकत्व नाही, लेकीच्या जागी लेक असता आणि त्याने तिकडची बायको केली असती तर त्याच्या बाळाला मिळालं असतं. हे बदलायला 2002 आणि 2016 मध्ये सार्वमत झालं, दोन्हीदा बहुमत विरोधात गेलं. आजींनी दोन्हीदा 'हो' म्हणून मत दिलं होतं, तिसऱ्यांदा झालं तर तिसऱ्यांदाही देणार म्हणाल्या.