माहेरचे नाव

आज सकाळी अनोळखी नंबरवरून आलेल्या फोनवर कोणीतरी माझ्या माहेरच्या नावाने हाक मारली आणि 'इथे त्या नावाचे कोणी राहत नाही' असे सांगून मी फोन ठेवून दिला. ती मावशी होती. नंतर मी तिला फोन केला, पण तो विषय दोघींनीही काढला नाही.

तेव्हापासून नेपोलियनची पहिली पत्नी जोसेफिन मनातून जात नाही. 1763 साली कॅरिबियन समुद्रातल्या मार्टिनिक बेटावर, उसाच्या मळ्यात, एका फ्रेंच कॅथलिक उमराव घराण्यात जन्मलेल्या त्या मुलीचे बाप्तिस्म्याचे नाव मारी-जोझेफ-रोझ होते. पहिल्या संसारात आणि फ्रेंच राज्यक्रांतीच्या काळातल्या तुरुंगातही ती रोझच होती. जोसेफिन हे नाव नेपोलियनने दिले. माझे नवे नाव तांदळाच्या ताटात अंगठीने लिहिले गेले, तेव्हा सगळे हसत होते आणि मीही हसले. मला कोणी विचारले नव्हते. तिला तरी विचारले असेल का?

तिला रोझ म्हणणारी माणसे एकेक करून गेली. एक बहीण 1777 मध्ये, वडील 1790 मध्ये, दुसरी बहीण पुढच्या वर्षी. आई तेवढी राहिली, पण लेक सम्राज्ञी झाल्यावरही ती बेट सोडून पॅरिसला आली नाही आणि 1807 मध्ये तिकडेच वारली. 1790 नंतर मायलेकींची भेट नाही. आमच्या आईचे शेवटचे दिवस... ते आज नको.

दुपारी मात्र वाटले, की त्याच मळ्यात राबणाऱ्या गुलामांची नावे मालकच ठेवत, आणि त्यांच्या जुन्या नावांची तर कोणी नोंदही केली नाही. मार्टिनिकमधल्या तिच्या पुतळ्याचे डोके 1991 मध्ये कोणी उडवले आणि 2020 मध्ये लोकांनी तो पाडलाच, त्यामागचा संताप मला समजतो. मला तर पंगतीत बसवून, पेढे वाटून नाव दिले होते.

पॅरिसजवळच्या रुएयच्या चर्चमध्ये तिच्या समाधीवर मुलांच्या नावाने 1825 सालचा लेख आहे: 'जोसेफिनला, युजीन आणि ऑर्तांस'. मुलांनीही आईसाठी तेच नाव ठेवले. माझ्याही मुलांचे तसेच आहे, आणि खरे सांगायचे तर इतक्या वर्षांच्या सह्यांनंतर हे नाव माझेच झाले आहे.

रविवारी मावशीकडे जाईन. तिने माजघरातून जुन्या नावाने हाक मारली, की लगेच ओ द्यायची.