जर्मनीत हिवाळी टायरसाठी रिम घेताय? आधी हे आकडे जुळवा

ऑक्टोबर लागला की जर्मनीतल्या टायरच्या दुकानांत तारखा मिळेनाशा होतात. ऑक्टोबर ते ईस्टर हिवाळी टायर, बाकीचे महिने उन्हाळी, ही इथली रूढ पद्धत. कायदा मात्र तारीख धरत नाही, रस्त्याची अवस्था धरतो. रस्त्यावर बर्फ, गोठलेल्या पाण्याचा थर किंवा बर्फाचा चिखल असेल तर हिवाळी टायर हवेतच. १ ऑक्टोबर २०२४ पासून टायरच्या बाजूवर तीन शिखरांच्या डोंगरात हिमकण हे चिन्ह असणं आवश्यक आहे, नुसतं ‘एम+एस’ (चिखल आणि बर्फ) हे जुनं चिन्ह चालत नाही. नियम मोडला तर ६० युरो दंड आणि फ्लेन्सबुर्गच्या वाहतूक-गुन्ह्यांच्या नोंदीत एक दोषगुण.

टायर दोन जोड लागणार म्हटल्यावर रिमही दोन जोड घ्यावेत, असं आमचं स्पष्ट मत आहे. एकाच रिमवर वर्षातून दोनदा टायर उतरवून चढवला की टायरच्या कडेची तार दुखावते, दर वेळी बॅलन्सिंग करावं लागतं आणि त्या मजुरीत काही वर्षांत रिमचे पैसे निघतात. दुसऱ्या रिमवर टायर कायमचे बसवलेले असले की चाकं बदलणं अर्ध्या तासाचं काम.

प्रश्न रिम निवडण्याचा आहे. आपल्याकडे मॅगव्हील (अलॉय रिम) घेताना दुकानदार गाडीचं नाव विचारतो, चार डिझाइन समोर ठेवतो आणि चाक मडगार्डला घासत नाही ना एवढं बघून गाडी सोडतो. जर्मनीत आधी आकडे, मग कागद आणि दिसणं सगळ्यात शेवटी.

सुरुवात गाडीच्या नोंदणीपत्रापासून करा. ‘फारत्सॉइगशाइन’वर २.१ या रकान्यात उत्पादकाचा चार अंकी क्रमांक असतो (फोक्सवॅगनचा ०६०३) आणि २.२ मध्ये मॉडेलचा. रिमच्या दुकानात किंवा संकेतस्थळावर हेच दोन क्रमांक मागतात. १५.१ आणि १५.२ मध्ये पुढच्या-मागच्या टायरचं माप असतं. इथे नवखा माणूस हमखास फसतो. या रकान्यांत मंजूर मापांपैकी फक्त एकच छापलेलं असतं. बाकीची मापं गाडीसोबत आलेल्या ‘सीओसी’ या कागदात (गाडी मंजूर नमुन्याप्रमाणे असल्याचं कंपनीचं प्रमाणपत्र) असतात. जुनी गाडी घेताना हा कागद विक्रेत्याकडून मागून घ्याच. हरवला असेल तर कंपनीकडून पैसे भरून पुन्हा काढता येतो.

पुढची उदाहरणं फोक्सवॅगन गोल्फच्या २०१२ साली आलेल्या सातव्या पिढीची आहेत. तिच्या एका रिमवर आतल्या बाजूला असं काही कोरलेलं सापडतं: ६½ जे × १६ एच२ ईटी ४६. साडेसहा इंच ही रुंदी, तीही टायरच्या कडा जिथे टेकतात त्या दोन काठांमधली. रिमची बाहेरून बाहेर रुंदी याहून जास्त भरते. ‘जे’ हा काठाचा आकार, १६ इंच व्यास, ‘एच२’ म्हणजे ट्यूबलेस टायर जागेवर धरून ठेवणारे दोन उंचवटे. ईटीकडे जरा वेळाने येऊ.

आधी बोल्टची भोकं. गोल्फला पाच बोल्ट ११२ मिलिमीटर व्यासाच्या वर्तुळावर आहेत, म्हणजे ५×११२. पोलोच्या अनेक वर्षांच्या मॉडेलांना ५×१००, फोर्ड फोकसला ५×१०८, कित्येक जपानी आणि कोरियन गाड्यांना ५×११४.३. पाच भोकांच्या रिमवर हा व्यास थेट मोजता येत नाही, कारण कुठल्याच भोकासमोर भोक नसतं. मग एका भोकाच्या लांबच्या काठापासून शेजारच्या भोकाच्या जवळच्या काठापर्यंत सरळ अंतर व्हर्नियरने मोजायचं आणि १.७०१ ने गुणायचं. ६५.८ मिमी आलं तर ११२, ६७.२ आलं तर ११४.३. फरक जेमतेम दीड मिलिमीटरचा, म्हणून मोजपट्टीवर भरवसा नको. ११४.३ चा रिम ११२ च्या हबवर (गाडीचा तो भाग, ज्यावर चाक बोल्टने बसतं) जोर लावून बसवताही येतो, आणि धोका नेमका तिथेच आहे. बोल्ट तिरके बसतात, त्यांची बैठक अर्धीच टेकते आणि चालत्या गाडीत ते ढिले होत जातात किंवा तुटतात.

भोकं जुळली तरी मधलं भोक जुळेलच असं नाही. गोल्फच्या हबचा व्यास ५७.१ मिमी. मर्सिडीजचे आणि अलीकडच्या ऑडींचे रिमही ५×११२ च असतात, पण त्यांचं मधलं भोक साधारण ६६.६ मिमी. असा रिम गोल्फवर सैल बसतो. उलट गोल्फचा रिम मर्सिडीजवर चढतच नाही. सैल जागा भरायला सेंटरिंग रिंग मिळते, आतला व्यास ५७.१, बाहेरचा ६६.६. ती प्लास्टिकची असली तरी हरकत नाही. तिचं काम बोल्ट आवळेपर्यंत रिम मध्यावर धरण्याचं आहे, भार पेलण्याचं नाही. रिंग विसरली तर बॅलन्सिंग अचूक असूनही साधारण ८० ते १२० किमी वेगात स्टिअरिंग थरथरतं, आणि लोक दोष टायरला देत बसतात.

ही अडचण आपल्याकडच्या गाड्यांतही तशीच आहे. मारुती स्विफ्ट आणि होंडा सिटी दोन्ही ४×१००. स्विफ्टचा हब ५४.१ मिमी, सिटीचा ५६.१. सिटीचे रिम स्विफ्टवर दोन मिमी सैल बसतात, स्विफ्टचे सिटीवर जात नाहीत. शिवाय स्विफ्टचे आटे एम १२×१.२५ (१२ मिमी जाडी, दोन आट्यांत १.२५ मिमी अंतर) आणि सिटीचे एम १२×१.५, त्यामुळे एकीचे नट दुसरीला लावायला गेलात तर आटे जातील.

आता ईटी. रिम जिथे हबला टेकतो तो पृष्ठभाग रिमच्या रुंदीच्या मध्यापासून किती मिमी बाहेर आहे, तो हा आकडा. ईटी कमी झाला की चाक बाहेर येतं, वाढला की आत सरकतं. पण नुसता ईटी बघून काही कळत नाही, रुंदीही सोबत धरावी लागते. समजा मूळ रिम ६½ जे ईटी ४६ आहे आणि तुम्हाला ७ जे ईटी ४० मिळतोय. अर्धा इंच जास्त रुंदी म्हणजे १२.७ मिमी, ती दोन्ही बाजूंना ६.३५ अशी वाटली जाते. ईटी सहाने कमी, म्हणून सगळं चाक ६ मिमी बाहेर. बाहेरची कड एकूण १२.३५ मिमी बाहेर आली, आतली मात्र ०.३५ मिमीच आत सरकली. म्हणजे आत शॉकअबसॉर्बरला धोका नाही, तपासायचं ते मडगार्ड. हाच हिशेब ७ जे ईटी ४९ ला लावा: बाहेरची कड ३.३५ मिमी बाहेर, आतली ९.३५ मिमी आत. इथे मडगार्ड सुरक्षित, बघायचं आतल्या बाजूला. हा गुणाकार-बेरजेचा कागद खरेदीआधी प्रत्येकाने करावा, दोन मिनिटं लागतात.

ईटी फार कमी घेतला तर नुसतं घासणं एवढाच त्रास नाही. चाकाचा भार बेअरिंगपासून लांब जातो, खड्ड्यात स्टिअरिंग हाताला झटके देतं, आणि टायर मडगार्डच्या बाहेर डोकावला तर तपासणीत गाडी अडकते. घासतं की नाही ते सपाट जागेवर उभ्या गाडीत कळत नाही. मागे माणसं आणि डिकीत सामान भरून, स्टिअरिंग दोन्ही टोकांना पूर्ण वळवून बघावं लागतं.

हिवाळ्यासाठी लहान आणि अरुंद रिम घ्यावा असं आम्ही आवर्जून सांगतो. स्वस्त पडतो, उंच टायरमुळे खड्ड्यात रिम वाचतो आणि बर्फावर साखळ्या घालायला जागा राहते. पण किती लहान, हे ब्रेक ठरवतो. गोल्फच्या साध्या इंजिनांवर १५ इंची रिम चालतो. पुढची डिस्क ३१२ मिमीची असेल तर १६ इंच लागतात. जीटीआयच्या ३४० मिमी डिस्कवर १७ च्या खाली जाता येत नाही. दोन १६ इंची रिमही सारखे नसतात. आऱ्यांचा आतला बाक वेगळा असला की एक ब्रेकच्या कॅलिपरला (डिस्क दाबणाऱ्या भागाला) टेकतो, दुसरा मोकळा फिरतो. म्हणून ‘१६ इंच बसतो’ एवढ्या माहितीवर पैसे देऊ नका.

टायरचा बाहेरचा व्यास मूळ मापाच्या जवळ हवा. १९५/६५ आर १५ (१९५ मिमी रुंदी, उंची रुंदीच्या ६५ टक्के, १५ इंची रिम) चा व्यास ६३४.५ मिमी, २०५/५५ आर १६ चा ६३१.९, २२५/४५ आर १७ चा ६३४.३. म्हणूनच ही तिन्ही मापं एकाच गाडीच्या कागदात दिसतात. भारांक ९१ म्हणजे एका टायरला ६१५ किलो. दोन टायर मिळून त्या अ‍ॅक्सलचा मंजूर भार पेलला पाहिजे, आणि हाच हिशेब रिमवर कोरलेल्या कमाल भारालाही लागू आहे. टायरचा कमाल वेग सांगणारं अक्षर हिवाळी टायरवर गाडीच्या कमाल वेगापेक्षा कमी वेगाचं चालतं. मात्र मग टायरच्या वेगमर्यादेचं, उदाहरणार्थ ‘१९० किमी/तास’ असं, स्टिकर चालकाला दिसेल अशा जागी लावावं लागतं.

बोल्टकडे सगळ्यात कमी लक्ष दिलं जातं आणि मोठे अपघात तिथूनही होऊ शकतात. गोल्फचा बोल्ट एम १४×१.५, त्याच्या डोक्याखालची बैठक चेंडूसारखी गोल. बाजारातल्या बहुतेक इतर कंपन्यांच्या अलॉयना ६० अंशांची शंकूसारखी बैठक लागते. गोल बोल्ट शंकूच्या भोकात टाकला तर तो एका बारीक कडेवर टेकतो. टॉर्क पाना (ठरवलेल्या जोराला आवाज देणारा पाना) ‘टक’ करतो, तुम्हाला वाटतं आवळला, आणि दोनशे किलोमीटरवर तो सैल होतो. गोलगोलातही फरक आहे: फोक्सवॅगनच्या गोलाईची त्रिज्या १३ मिमी, मर्सिडीजच्या एम १४ बोल्टची १४ मिमी. लांबीही बघा. एम १४×१.५ चा बोल्ट हबमध्ये निदान साडेसात फेरे गेला पाहिजे, एम १२×१.५ चा साडेसहा. फार लांब बोल्ट मागून बाहेर येऊन ब्रेकच्या भागांवर घासू शकतो. अलॉयसाठी वेगळे बोल्ट घेतलेत तर मूळ बोल्ट डिकीत स्टेपनीजवळ ठेवा. स्टेपनी लोखंडी असते, तिला तेच लागतील.

१ नोव्हेंबर २०१४ पासून युरोपात नव्याने नोंदलेल्या प्रत्येक कारला टायरमधल्या हवेवर लक्ष ठेवणारी यंत्रणा सक्तीची आहे. गोल्फच्या बहुतेक गाड्यांत ती एबीएसच्या सेन्सरवरून हिशेब करते. चाकं बदलल्यावर हवा नीट भरायची आणि मेन्यूत जाऊन नवं माप साठवायचं, बस्स. ज्या गाड्यांत प्रत्येक चाकात सेन्सर असतो त्यांच्या दुसऱ्या रिमजोडालाही चार सेन्सर घ्यावे लागतात. युरोपात ते ४३३ मेगाहर्ट्झचे. खर्चाचा अंदाज बांधताना हे विसरू नका.

आता कागद. आपल्याकडच्या सवयीने बघितलं तर हा भाग जाचक वाटतो, पण रस्त्यावरच्या वेगांचा विचार केला तर तो योग्यच आहे. सीओसीमध्ये लिहिलेल्या मापाचा गाडीच्या कंपनीचा मूळ रिम असेल तर काहीच करावं लागत नाही. मूळ मापाशी तंतोतंत जुळणारा, ‘ईसीई’ या युरोपभर चालणाऱ्या मान्यतेचा रिम असेल तरी नोंद लागत नाही. बोर्बेट, रोनाल, आल्युटेक, डेझेंट या कंपन्यांच्या रिमना बहुधा ‘एबीई’ ही जर्मनीची सर्वसाधारण मंजुरी असते, आणि रिमवर ‘केबीए’ (मंजुरी देणारं सरकारी वाहन कार्यालय) या अक्षरांपुढे पाच अंकी क्रमांक कोरलेला असतो. तो कागद कंपनीच्या संकेतस्थळावरून उतरवून घ्या आणि पूर्ण वाचा. आपली गाडी, आपलं इंजिन आणि आपला टायर ज्या ओळीत आहे, तिच्यासमोर अटींचे सांकेतिक क्रमांक असतात. त्यांचे अर्थ मागच्या पानांवर सापडतात. मडगार्डची कड आतून दुमडा, साखळ्या चालणार नाहीत, बसवल्यावर लगेच तपासनिसाला दाखवा, अशा या अटी. शेवटची अट नसेल तर कागद गाडीत ठेवला की झालं. एबीईऐवजी नुसता ‘टाइलगुटाख्टेन’ (सुट्या भागाचा तपासणी अहवाल) असेल तर ट्युफ, डेक्रा, जीटीयू किंवा क्युस या तपासणी संस्थांकडून बसवलेली चाकं तपासून घेणं भागच आहे. काहीच कागद नसलेला रिम कितीही देखणा आणि स्वस्त असो, सोडून द्या. एकेका गाडीची स्वतंत्र मंजुरी काढणं रिमपेक्षा महाग पडू शकतं, आणि न काढता फिरलात तर गाडीचा रस्त्यावर चालण्याचा परवानाच रद्द होऊ शकतो. अपघात झाल्यास विम्याचा प्रश्न वेगळा.

जुने रिम घेताना ते उलटे करून आतली कड बघा. खड्ड्याचा मार तिथेच दिसतो. बाहेरची ओरखड्याची रेघ दिसायला वाईट असते, आतला वाकलेला काठ खरा वाईट. वेल्डिंग केलेला अलॉय घेऊ नका. मशिनने चकचकीत कापलेला चेहरा हिवाळ्यात नको. रस्त्यावर टाकलेलं मीठ पारदर्शक लॅकरखाली शिरतं आणि पांढरे धागे पसरतात. पूर्ण रंगवलेला साधा चंदेरी रिम किंवा लोखंडी रिम जास्त टिकतो. टायरसकट मिळत असतील तर टायरच्या बाजूवर ‘डॉट’ या अक्षरांपुढचे शेवटचे चार अंक वाचा, ३५२१ म्हणजे २०२१ चा ३५ वा आठवडा. कायद्याने १.६ मिमी नक्षी पुरते, पण हिवाळी टायर ४ मिमीच्या खाली गेला की बर्फावर कामाचा राहत नाही.

बसवताना हबवरचा गंज तारेच्या ब्रशने काढा. आट्यांना आणि बोल्टच्या बैठकीला तेल-ग्रीस लावू नका, लावलं तर त्याच टॉर्कला बोल्ट जास्त ताणला जातो. गाडी जॅकवर असतानाच सगळे बोल्ट आधी हाताने आत घ्या, मग एक सोडून एक असे आवळा. चाक जमिनीवर टेकवून टॉर्क पान्याने गोल्फला १२० न्यूटन मीटर. साधारण ५० किलोमीटर चालवल्यावर प्रत्येक बोल्ट त्याच आकड्यावर पुन्हा तपासायचा. एखादा फिरलाच, तर नुसता आवळून पुढे जाऊ नका. तो काढून त्याची बैठक आणि रिमची बैठक दोन्ही नीट बघा.