चमकणारा कोळी बघायला जाताय? पाखाडी उतरू नका

गुडघे अजून दुखतायत, म्हणून आधी मुद्द्याचं सांगतो. रत्नागिरी जिल्ह्यातल्या कशेळी-आडिवरे भागातल्या सड्यावर, म्हणजे उघड्या कातळाच्या पठारावर, ‘अंधारात स्वतःहून चमकणारा कोळी’ दाखवतो असं सांगून कुणी माणशी १,२०० रुपये मागितले, तर देऊ नका. आम्ही तिघांनी दिले. वर ‘खास बॅटरी’चं भाडं माणशी ३००. एकूण ४,५०० रुपये, तेही आदल्या दिवशी हातात.

नोव्हेंबरातली अमावस्या गाठून गेलो होतो. रात्री नऊला निघालो. दहाव्या मिनिटाला वाळल्या गवतात हिरवट ठिणगी दिसली, मग दुसरी, मग मोजता येईनात इतक्या. अंगावर काटा आला. वाटाड्या म्हणाला, “बघा, कसा पेटलाय!” मी म्हटलं, “दादा, जरा सगळ्या बॅटऱ्या बंद करूया.” त्याला ते रुचलं नाही. तरी केल्या. डोळे सरावेपर्यंत थांबलो. मिट्ट काळोख, एकही ठिणगी नाही.

तो लांडगा कोळी. त्याला आठ डोळे असतात, आणि त्यातल्या मोठ्या डोळ्यांच्या मागे मांजरासारखा आरशाचा थर असतो. आपण टाकलेला उजेड तिथून आल्या वाटेने परततो, एवढंच. स्वतःचा उजेड पाडणारा कोळी जगात कुठे सापडलेला नाही. म्हणूनच बॅटरी कमरेशी धरलीत तर काही दिसत नाही, कपाळाला लावलीत की सडा लखलखतो. ३०० रुपयांची ती ‘खास बॅटरी’ म्हणजे साधी डोक्याला बांधायची बॅटरी होती, आणि तसलीच माझ्या सॅकमध्ये पडून होती! अमावस्येचीही गरज नाही, चांदण्यातही डोळे दिसतात. दव मात्र फसवतं. दवाचा थेंब मान हलवली की लुकलुकतो, रंग बदलतो. कोळ्याचा ठिपका स्थिर, हिरवट-निळा राहतो.

आता खरं सांगतो, खोटं सांगून नेलं नसतं तरी मी यासाठी दहा वेळा गेलो असतो. एका ठिपक्याच्या मागे मला खसखस सांडावी तसा चुरा चमकताना दिसला. पोटावर पालथा झालो. मादी होती, आणि तिच्या पाठीवर दाटीवाटीने पिल्लं बसलेली. प्रत्येकाच्या डोळ्यांत माझ्याच बॅटरीचा कण. ती दोन पावलं सरकली की तो सगळा चुरा एकदम हलायचा. वीत-दीड वीत अंतरावरून पाच मिनिटं बघत होतो. हे बघायला पैसे लागत नाहीत.

इथेच परत फिरायला हवं होतं. पण ‘मोठे खाली आहेत’ म्हणून त्याने आम्हाला खाडीकडच्या जुन्या पाखाडीने, म्हणजे दगडी पायऱ्यांच्या वाटेने, उतरवलं. ती वाट रात्रीची नाहीच. जांभ्याच्या पायऱ्या, कडा झिजलेल्या, झऱ्याच्या बाजूला शेवाळ धरलेलं, मध्ये चार-पाच पायऱ्या पार ढासळलेल्या. एका बाजूला गडगा (रचलेल्या दगडांचा बांध), दुसरीकडे करवंदाची जाळी. मित्र दोनदा घसरून बसला, दुसऱ्यांदा कोपर सोलवटलं. पाऊण तास उतरलो आणि खाली काय? एका फटीतला विंचू, जांभळ्या (अतिनील) बॅटरीखाली हिरवा-निळा चमकणारा. विंचू खरंच तसा दिसतो, सुंदर दिसतो, पण तो कोळी नाही. आणि जांभ्याच्या फटींत हात घालून तो शोधू नका. लाल विंचवाचं विष हृदयावर जातं. दरदरून घाम, उलट्या, हातपाय गार पडणं, असं काही दिसलं तर घरगुती उपायांत वेळ न घालवता दवाखाना गाठा. महाडच्या डॉ. हिम्मतराव बावस्करांनी प्राझोसिन या औषधाने असे रुग्ण वाचवून दाखवले, त्यामुळे वेळेत पोहोचलात तर उपचार आहे.

विंचवापेक्षा मोठी भीती फुरशाची, त्या विषारी सापाची. सड्यावर ते भरपूर, कातळाच्या रंगात मिसळून जातं. गमबूट घाला, चप्पल-सँडल चालणार नाही. दगडावर बसण्याआधी उजेड टाका. करकर घासल्यासारखा आवाज आला तर जागच्या जागी थांबा. आमच्यापैकी दोघांच्या फोनला रेंज नव्हती, म्हणून १०८ वर भिस्त ठेवून एकटे जाऊ नका.

कनकादित्याचं देऊळ आणि हत्तीचं कातळशिल्प दुसऱ्या दिवशी पाहिलं, छान आहे, जा.

रात्रीसाठी एवढंच करा. जिथे उतराल त्या घरच्यांना विचारून वाडीतला कुणी माणूस सोबत घ्या, त्याला मेहनतीचे पैसे द्या, पण फिरून आल्यावर. कातळ कुणाच्या मालकीचा आहे तेही विचारा. डांबरी रस्त्यापासून दहा मिनिटांच्या आत राहा, कोळी तिथेच भरपूर आहेत. उतरण्याचा विषय निघाला की नाही म्हणा. आम्ही खालून परत वर चढलो नाही, रात्री साडेबाराला रिक्षा बोलवावी लागली, आणि तिचे ६०० वेगळे गेले.