आदेश कुठाय?

जिंकलेली केस एरवी संध्याकाळच्या लोकलमध्येच डोक्यातून जाते. ही जात नाहीये.

अशील लालबागचा, बोटीवर सेकंड इंजिनीअर. बायकोने छळाची तक्रार केली, गुन्हा दाखल झाला. आयओंनी, म्हणजे तपास अधिकाऱ्यांनी, त्याला जबाबाला बोलावलं आणि येताना पासपोर्ट आणायला सांगितलं. आणला, तो पोलीस ठाण्याच्या कपाटात गेला. आरोपपत्र नाही, कोर्टाची मनाई नाही, पासपोर्ट ऑफिसची नोटीस नाही. विचारायला गेलं की ठरलेलं उत्तर: "साहेब बंदोबस्ताला गेलेत."

वकिलाला विरोधातला का होईना, लेखी आदेश हवा असतो. १९६७च्या पासपोर्ट कायद्याच्या कलम १०(३) खाली पासपोर्ट अडकवायचा अधिकार पासपोर्ट अधिकाऱ्याचा, ठाण्याचा नव्हे. त्याने कारणं लिहायची, त्यावर अपील करता येतं. १९७७ साली मनेका गांधींना सात दिवसांत पासपोर्ट जमा करा असं पत्र गेलं. कारण विचारलं, तर जनहितासाठी ते सांगता येत नाही असं सरकार म्हणालं. त्यावरूनच १९७८ मध्ये सुप्रीम कोर्टाच्या सात न्यायमूर्तींचा निकाल आला, की माणसाचं म्हणणं ऐकून घ्यावंच लागेल. निदान त्यांच्या हातात पत्र तरी होतं! माझा अशील काय कपाटाविरुद्ध अपील करणार?

म्हणून किल्ला कोर्टात पासपोर्ट परत मिळण्यासाठी अर्ज टाकला. पंचनाम्याची नक्कल काढली ती बघण्यासारखी होती: "एक निळे रंगाचे पासपोर्ट पुस्तक, वापरते." पासपोर्टचा नंबर नाही, आणि या पुस्तकाचा गुन्ह्याशी संबंध काय याबद्दल चकार शब्द नाही. चोरीचा मोबाईल सापडला तर हेच लोक आयएमईआयचे पंधराही आकडे उतरवून घेतात.

पोलिसांचा से, म्हणजे लेखी म्हणणं, आला. "अर्जदार परदेशी पळून जाण्याची दाट शक्यता आहे, सबब अर्ज नामंजूर होणेस विनंती." हे वाक्य मी इतक्या प्रकरणांत वाचलंय, की त्यातल्या ऱ्हस्वदीर्घाच्या चुकाही ओळखीच्या झाल्यात. सोबत पासपोर्ट ऑफिसला कारवाईसाठी लिहिलेल्या पत्राची प्रत. तारीख आमच्या अर्जानंतरची.

मॅजिस्ट्रेट मॅडमनी पत्र पुढून-मागून पाहिलं. "हे तुमचं पत्र झालं. आदेश कुठाय?"

"पाठपुरावा चालू आहे, मॅडम."

सरकारी वकील फाईलमध्ये डोकं घालून बसले. मी सुरेश नंदा वाचून दाखवला, २००८चा सुप्रीम कोर्टाचा निकाल: पोलीस पासपोर्ट जप्त करू शकतील, पण अडकवून ठेवणं ही वेगळी गोष्ट, ती पासपोर्ट अधिकाऱ्यानेच करायची. दुपारी बंधपत्रावर पासपोर्ट परत द्यायचा हुकूम झाला. अशिलाने तिथल्या तिथे मॅनिंग एजंटला, म्हणजे बोटीवर नोकरी लावणाऱ्याला, फोन लावला.

जिन्यात त्याची बायको उभी होती. माझ्याशी बोलायला नको होतं तिने, पण बोलली. "सर, हा बोटीवर गेला की फोनसुद्धा उचलत नाही. मी खर्चाला कोणाकडे मागू? पासपोर्ट तिथे होता तेवढे दिवस माणूस मुंबईत तरी होता."

तिच्या बाजूने पाहिलं तर ते कपाट हाच काय तो तिचा आधार होता. आयओंनाही बहुधा तसंच वाटलं असणार. माणूस वाईट नाही, आळशी आहे. तिला कोर्टात जाऊन अंतरिम पोटगी माग म्हणून सांगण्यापेक्षा चावी फिरवणं सोपं. त्या सोपेपणापायी नवऱ्याला आदेश मिळाला नाही आणि तिला पोटगी.

तिच्या वकीलबाई मागून आल्या. मी म्हटलं, "मॅडम, तो साइन-ऑन करून बोटीवर चढायच्या आत अंतरिम पोटगीचा अर्ज टाका. रक्कम आगाऊ भरायला लावा."

"आणि तुम्ही?"

"मी विरोध करणार."

त्यांनी अर्ज टाकला. काल रात्री बसून मी त्याला उत्तर तयार केलं, चांगलं सात पानी. शेवटची ओळ: सबब अर्ज नामंजूर होणेस विनंती.