रावतभाटा ते भडला: वीज बघायला राजस्थानात

राजस्थान म्हटलं की आपल्याकडची मंडळी उदयपूर, जैसलमेर, फार तर माउंट अबू करून येतात. मी डिसेंबर २०२५ मध्ये गेले ती वीज बघायला. चंबळच्या काठी रावतभाट्याला अणुभट्ट्या आहेत. तिथून सरळ रेषेत साडेचारशेहून अधिक किलोमीटरवर, थरच्या वाळवंटात भडला सोलर पार्क आहे. देश या दोन्हींवर एकदमच भर देतोय. जानेवारी २०२५ मध्ये आपली सौरक्षमता १०० गिगावॅटच्या (एक गिगावॅट म्हणजे हजार मेगावॅट) पुढे गेली. २०१४ मध्ये ती तीन गिगावॅटसुद्धा नव्हती. अणुऊर्जा आज नऊ गिगावॅटच्या आतच आहे, पण २०४७ पर्यंत तीही १०० गिगावॅटवर न्यायची, असं केंद्राच्या २०२५ च्या अर्थसंकल्पात जाहीर झालं. हे सगळं वाचून माहीत होतं. जमिनीवर ते कसं दिसतं, हे मला बघायचं होतं.

विजेचं एवढं काय, असं मैत्रिणी विचारतात. माझं माहेर जालना जिल्ह्यातलं, अंबड तालुक्यातलं. शेतपंपाची थ्री-फेज वीज आमच्याकडे वर्षानुवर्षं रात्री यायची. वडील थंडीत मफलर गुंडाळून, हातात बॅटरी घेऊन गव्हाला दारं धरायला जायचे आणि ते परत येईपर्यंत आई जागी असायची. आता गावाजवळ सौर फीडर, म्हणजे शेतपंपांना सौरवीज देणारी वेगळी वाहिनी, झालाय. भाऊ दिवसाउजेडी पाणी देतो, दुपारी घरी येऊन जेवतो. वीज कुठून येते यापेक्षा ती कधी येते याने घर कसं बदलतं, हे मी पाहिलंय.

कोट्याला पहाटे उतरले. स्टेशनबाहेर गरम कचोरी खाल्ली आणि रावतभाट्याची बस धरली. रस्ता मुकुंदराच्या डोंगरांमधून जातो. गावाच्या थोडं अलीकडे बाडोलीची मंदिरं लागतात, तिथे मात्र उतराच. दहाव्या शतकातलं घटेश्वराचं मंदिर आजही देखणं उभं आहे. इथली नटराजाची मूर्ती १९९८ मध्ये चोरीला गेली होती, ती लंडनमधून परत मिळवायला दोन दशकांहून जास्त काळ लागला. मंदिराच्या आवारात तासभर एकटी बसले होते. पक्ष्यांशिवाय कोणाचा आवाज नव्हता.

पुढे राणा प्रताप सागर. एवढं पाणी राजस्थानात असेल असं वाटत नाही. धरणावर १७२ मेगावॅटचं जलविद्युत केंद्र आहे आणि जलाशयाच्या काठाने अणुवीज केंद्राच्या इमारती, घुमट, कूलिंग टॉवर. आत जायला सामान्य प्रवाशाला परवानगी नाही, फोटोही काढायचे नाहीत. ते योग्यच आहे. पण गाव सगळं त्या केंद्रावर वाढलेलं आहे. वसाहतीचं नावसुद्धा अणुकिरण.

तिथे एका ओळखीतून निवृत्त तंत्रज्ञ काकांकडे उतरले होते. मूळचे नाशिककडचे, नोकरीसाठी आले आणि इथलेच झाले. काकूंनी पिठलं-भाकरी केली होती. जेवण झाल्यावर काकांनी वहीच्या मागच्या पानावर अणुभट्टी काढून समजावली. इथल्या भट्ट्या जड पाण्यावर (हायड्रोजनच्या जड प्रकारापासून बनलेलं पाणी) चालणाऱ्या, नैसर्गिक युरेनियम वापरणाऱ्या. भट्टी चालू असतानाच एका बाजूने नवं इंधन घालायचं आणि दुसऱ्या बाजूने वापरलेलं काढायचं, त्यासाठी बंद करावी लागत नाही. इथला पाचवा संच असा सलग ७६५ दिवस चालला होता. तो आकडा सांगताना काका खुर्चीत ताठ बसले. “पोरी, ऊन गेलं, पाऊस आला, दिवाळी आली, मशीन चालूच!”

पहिल्या संचाची गोष्ट वेगळी आहे. कॅनडाच्या मदतीने उभा राहिलेला हा संच १९७३ मध्ये सुरू झाला. दुसऱ्याचं काम चालू असतानाच १८ मे १९७४ रोजी पोखरणला अणुचाचणी झाली आणि कॅनडाने हात काढून घेतला. आराखडे अर्धे, सुटे भाग अर्धे. आपल्या इंजिनिअरांनी उरलेलं काम स्वतः शिकत पूर्ण केलं आणि दुसरा संच १९८१ मध्ये व्यावसायिकरीत्या चालू झाला. पहिला कायम दुखणाईतच राहिला, २००४ पासून बंद आहे. पण त्या सात वर्षांत हाताला जे वळण लागलं, त्यातूनच पुढे २२० आणि आता ७०० मेगावॅटच्या देशी भट्ट्या आल्या. मला या इतिहासाचा मनापासून अभिमान वाटतो.

सातवा संच त्याच ७०० मेगावॅटच्या घराण्यातला. मार्च २०२५ मध्ये तो ग्रिडला जोडला गेला. काम सुरू झालं होतं २०११ मध्ये. म्हणजे जवळपास चौदा वर्षं! त्याचा जुळा भाऊ, आठवा, मी गेले तेव्हा पूर्ण व्हायचा होता. चौदा वर्षांत मूल दहावीच्या उंबरठ्यावर येतं. आमच्या रत्नागिरीतल्या जैतापूरची चर्चा तर त्याहून जुनी आहे आणि तिथे अजून एकही भट्टी उभी नाही.

कोट्याहून जोधपूर, जोधपूरहून फलोदी. या प्रवासाबद्दल सांगण्यासारखं फार नाही. जोधपूरला मिर्चीवडा खाल्ला आणि एक रात्र झोपले. फलोदीला मे २०१६ मध्ये ५१ अंश तापमान नोंदलं गेलं होतं. डिसेंबरातल्या सकाळी मात्र गाडीत शाल लपेटून बसावं लागलं.

फलोदीहून उत्तरेला बाप नावाच्या गावाच्या पुढे जमीन सपाट होत जाते. आधी एखाददुसरा खेजडीचा वृक्ष, मग नुसती खुरटी झुडपं, आणि मग पॅनेल सुरू होतात. भडला पार्क साधारण ५६ चौरस किलोमीटरचा आहे, १४ हजार एकर. क्षमता २,२४५ मेगावॅट. गाडी चालतच राहते आणि कुंपणापलीकडे निळ्या-काळ्या रांगा संपत नाहीत. ड्रायव्हर त्याच भागातला होता. इथे पूर्वी उन्हाळ्यात कोणी पाऊलसुद्धा टाकत नव्हतं, असं तो म्हणाला.

आत जायला इथेही पास लागतो. पण बाहेरच्या रस्त्यावरून दिसतं तेही पुष्कळ आहे. रांगांवरून सरकणारे यांत्रिक झाडू मला सगळ्यात आवडले. वाळवंटात धूळ बसते आणि धूळ बसली की वीज घटते. इतकी पॅनेल धुवायला पाणी कुठून आणणार? म्हणून पाण्याशिवाय पुसणारे रोबोट. ऊन भरपूर असलं की काम भागलं, असं आपल्याला वाटतं. तसं नसतं. पॅनेलची क्षमता २५ अंशांना मोजलेली असते, ते तापलं की उत्पादन घसरतं. फलोदीच्या मे महिन्यात उन्हाची जी चैन असते, त्यातला काही भाग उष्णताच खाऊन टाकते.

रस्त्याकडेला चहाच्या टपरीवर बसून मी एक हिशेब मांडला, तो इथे देते. सौर प्रकल्प रात्री बंद असतो, सकाळ-संध्याकाळ कमी चालतो; वर्षभराची सरासरी काढली तर क्षमतेच्या चौथ्या हिश्श्याच्या आसपास वीज हाती येते. भडलाचे २,२४५ मेगावॅट म्हणजे सरासरी साडेपाचशेच्या आसपास. चांगली चाललेली अणुभट्टी ८५ टक्क्यांनी धरली, तर रावतभाट्याचा एकटा सातवा संच जवळपास सहाशे देतो. म्हणजे ही छपन्न चौरस किलोमीटरची पॅनेल आणि चंबळकाठची ती एक भट्टी वर्षाला जवळजवळ सारखीच वीज देतात. पण भडला पहिल्या पॅनेलपासून शेवटच्यापर्यंत साधारण सहा-सात वर्षांत उभं राहिलं, भट्टीला त्याच्या दुप्पट काळ लागला. एकाला जमीन लागते, दुसरीला काळ. सौर की अणू, असं भांडण मला या टपरीवर अगदी पोकळ वाटलं. आपल्याकडे ना वाया घालवायला जमीन आहे, ना थांबायला वेळ.

पैशाचं म्हणाल तर २०१० च्या सुमाराच्या लिलावांत सौरवीज ११-१२ रुपये युनिट पडायची. मे २०१७ मध्ये याच भडल्याच्या लिलावात दर २ रुपये ४४ पैशांवर आला. त्या दिवसापासून कोळशाच्या नव्या प्रकल्पांचं गणित बदललं. सौरऊर्जा इतक्या वेगाने का वाढली याचं कारण शोधायला फार लांब जायला नको.

अडचण संध्याकाळची. दुपारी बारा-एकला राजस्थानात इतकी वीज तयार होते की ती बाहेर न्यायला वाहिन्या पुरत नाहीत आणि २०२५ मध्ये तर चालू स्थितीतले प्रकल्प भर दुपारी कमी करायला सांगावे लागले. सूर्य बुडतो तेव्हा घराघरांत दिवे, पंखे, टीव्ही लागतात, आणि ही सगळी पॅनेल शांत. तो भार आज मुख्यतः कोळसा उचलतो. बॅटरी आणि पंप-स्टोरेज (जास्तीच्या विजेने पाणी वर चढवायचं आणि गरजेला ते सोडून वीज घ्यायची) येत आहेत, पण नाशिकच्या काकांची न थांबणारी मशीनं तेव्हाच उपयोगी पडतात. देशाच्या एकूण विजेत अणुवीज तीन टक्क्यांच्या आसपास आहे. ती वाढायला हवी, असं मी या प्रवासानंतर ठामपणे म्हणते. मी परतले त्याच महिन्यात संसदेने हे क्षेत्र खासगी कंपन्यांना खुलं करणारा कायदा मंजूर केला. सुरक्षेची आणि अपघातातल्या जबाबदारीची बाजू त्यात कशी सांभाळली जाते, इकडे आपण सगळ्यांनी लक्ष ठेवायला हवं.

टपरीवर एक वयस्कर बाबा शेळ्या घेऊन आले होते. लाल साफा, हातात काठी. आधी ते सरळ जायचे, आता कुंपणाला वळसा घालून जावं लागतं, एवढंच म्हणाले. सरकारी कागदावर ही जमीन पडीक. पण इथे ओरण असतात, म्हणजे देवाच्या नावाने राखलेली गायरानं, जिथे कोणी फांदी तोडत नाही. पिढ्यान्‌पिढ्या राखलेल्या कितीतरी ओरणांची महसुली नोंदच नाही. जैसलमेर-बिकानेर भागात लोक ओरण आणि खेजडी वाचवायला पदयात्रा काढतात, धरणं धरतात. याच मारवाडात, जोधपूरजवळच्या खेजडलीला १७३० मध्ये अमृतादेवींसह ३६३ बिश्नोई खेजडीला मिठी मारून उभे राहिले आणि मारले गेले. त्यांच्या वंशजांना झाड का महत्त्वाचं, हे कुणी शिकवायला नको. सौर प्रकल्प हवेत, हे मी वर लिहिलंच आहे. पण ओरणांची नोंद आधी, पॅनेल नंतर, हा क्रम पाळायला काय हरकत आहे? थरमध्ये खरोखर ओसाड जमीन भरपूर आहे.

दुसरा प्रश्न तारांचा. माळढोक जड पक्षी आहे. समोरच्या तारा त्याला वेळेवर दिसत नाहीत आणि दिसल्या तरी वळता येत नाही. देशात दीडशेसुद्धा उरलेले नाहीत, आणि त्यातले बहुतेक याच राजस्थानात. सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये त्याच्या अधिवासातल्या तारा जमिनीखालून न्यायला सांगितल्या, २०२४ मध्ये तो आदेश बदलून समिती नेमली. सोलापूरजवळच्या नान्नजच्या माळावर मी शाळेच्या सहलीत माळढोक पाहिला होता. आज तिथे अभयारण्याची पाटी आहे, पक्षी जवळपास नाहीच. आपण महाराष्ट्रात जे गमावलं ते इथे गमावलं जाऊ नये, असं फार आतून वाटतं.

परतीच्या वाटेवर फलोदीजवळच्या खीचनला थांबले. हिवाळ्यात हजारो कुरजां, म्हणजे करकोचे, उत्तरेकडून इथे येतात. गावकरी त्यांना रोज दाणे टाकतात. सकाळी दाणे टिपायला थवेच्या थवे उतरतात, तेव्हा आवाजाने बोलणं ऐकू येत नाही. सप्टेंबर ते मार्च या काळात कधीही जा, मात्र उजाडायच्या आत पोहोचा आणि गच्चीवर जागा धरा. २०२५ मध्ये खीचन रामसर स्थळांच्या, म्हणजे जगभरातल्या महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या, यादीत आलं. गावाभोवतीच्या तारा जमिनीखाली घाला, ही मागणी इथलीही आहे.

शेवटचा मुक्काम पोखरण. किल्ला लहानसा, बाजारात लाल मातीची सुंदर भांडी. १९७४ आणि १९९८ च्या चाचण्यांची जागा सैन्याच्या ताब्यात आहे, तिकडे जाता येत नाही. गावातून बाहेर पडलं की इथेही पवनचक्क्या आणि पॅनेल. ज्या वाळूत झालेल्या स्फोटामुळे रावतभाट्याची मदत बंद पडली, त्याच वाळूत आता सौरवीज तयार होते. आणि कॅनडा? २०१५ पासून त्याच कॅनडाचं युरेनियम पुन्हा भारतात येऊ लागलं.

सप्टेंबर २०२५ मध्ये राजस्थानातच, दक्षिणेला बांसवाड्याजवळ माही अणुवीज प्रकल्पाची पायाभरणी झाली. चार संच, प्रत्येकी ७०० मेगावॅट. तिथली जमीन भिल्ल आदिवासींच्या गावांची आहे आणि विस्थापनाला त्यांनी विरोधही केलाय. पुढच्या हिवाळ्यात तिकडे जायचं ठरवलंय. काँक्रीट उभं राहायच्या आधी त्या गावांतल्या बायकांशी बोलायचंय. त्यांच्या शेतात वीज कधी येते, हे मला आधी विचारायचं आहे.